एक तासाचा रायगड आणि एक 'म्हणे'

रायगडावरच्या गाईडांना नावं ठेवायची सध्या एक फॅशनच झाली आहे. गडावर जाऊन आलेला सुशिक्षित माणूस खाली उतरला की पहिलं वाक्य हेच बोलतो, "गड अप्रतिम, पण ते गाईड... काय वाट्टेल ते सांगतात हो!" जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत घेतले, त्यात रायगडही आला, आणि या तक्रारीला आता आंतरराष्ट्रीय धार चढली आहे. ही गावची पोरं हटवा, इतिहासाचे पदवीधर नेमा, नाहीतर सरळ मोबाईलवर ॲप द्या, कानात बोंडुकं घाला आणि गड बघा... असे एकेक उपाय ऐकतो आहे.

दुसऱ्या बाजूला आमच्या घरची मंडळी. माझ्या चुलतभावाच्या थोरल्याने मुंबईतली सिक्युरिटीची नोकरी सोडली आणि महाडला खोली घेऊन रायगडावर गाईडचं काम करायचं ठरवलं. झालं! घरात सुतक पडल्यासारखं वातावरण. आत्या म्हणाली, "बारावीपर्यंत शिकवला तो काय लोकांना दगड दाखवायला?" काकांचं म्हणणं, "चार गोष्टी पाठ करायच्या आणि पर्यटकांपुढे पोपटासारख्या म्हणायच्या, त्यात शिकण्यासारखं काय आहे?"

गंमत बघा. माझे इतिहासप्रेमी मित्र आणि माझे काका आयुष्यात कधी एकमेकांना भेटलेले नाहीत, पण गाईड म्हणजे पोपट यावर दोघांचं एकमत आहे. आणि माझं दोघांशीही भांडण आहे. ते आज इथे करतो. काका, तुम्हीही वाचता आहात हे ठाऊक आहे, तेव्हा आधीच नमस्कार.

ज्यांना कुडपण माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. रायगड जिल्ह्यात, पोलादपूर तालुक्यात, सह्याद्रीच्या अंगाखांद्यावर असलेलं आमचं गाव. हल्ली पावसाळ्यात धबधबा बघायला गाड्या येतात म्हणून नाव ऐकलं असेल. धबधबा बघून, फोटो काढून, भजी खाऊन गाड्या परत जातात. गावात माणसं राहतात, त्यांना काही ठाऊक असेल, असं त्यातल्या फारच थोड्यांच्या मनात येतं. आमच्याकडच्या पोरांना पिढ्यान् पिढ्या एकच वाट, पोलादपूरच्या स्टँडवरून मुंबईची एसटी. त्यातला एखादा उलटा फिरून म्हणतो की मी इथेच राहतो आणि इथलीच गोष्ट सांगतो, तर आपण सगळ्यांनी मिळून त्याला सांगायचं की बाबा, तू लायक नाहीस. का?

आता या एक तासाच्या फेरीत नक्की काय होतं ते सांगतो. गेल्या हिवाळ्यात आम्ही दहा-बाराजण रोपवेने वर गेलो आणि एक गाईड घेतला. पायथ्याच्या वाडीतला, पंचविशीचा असेल. आमच्यातल्या एकाने घासाघीस करून त्याचे शंभर रुपये कमी केले आणि विजयी मुद्रेने आमच्याकडे पाहिलं. वर त्याला बजावलं, "एका तासात आटपा, परतीच्या रोपवेचा नंबर आहे."

मग सुरू. मेणा दरवाजा, राण्यांचे महाल, राजवाड्याचं जोतं, राजसदर. नगारखान्याशी एकाने हळूच काही बोलायचं आणि सिंहासनाच्या जागी दुसऱ्याने ऐकायचं, हा खेळ झाला. होळीच्या माळावर फोटो. बाजारपेठेत "जोती एवढी उंच कशाला? तर घोड्यावर बसूनच खरेदी करता यावी!" हे वाक्य. टकमक टोक लांबूनच दाखवलं आणि वाऱ्याने छत्रीसकट उडून निजामपुरात सुखरूप उतरलेल्या सेवकाची गोष्ट सांगितली, म्हणून ते गाव छत्री निजामपूर. हिरकणीची गोष्ट ऐकताना दोघी-तिघींच्या डोळ्यांत पाणी आलं. मग जगदीश्वराचं देऊळ, मग महाराजांची समाधी, समोर वाघ्याचा पुतळा आणि त्याची कथा. तास संपला.

जगदीश्वराच्या दारात मात्र एक गोष्ट घडली. तिथे भिंतीवर संस्कृत शिलालेख आहे. गाईड थांबला आणि म्हणाला, "वाचून दाखवू का?" आमच्यातलेच तिघे-चौघे एकदम म्हणाले, "नको नको, पुढे चला, उशीर होतोय." तो मुकाट्याने पुढे गेला. मी मागे रेंगाळलो आणि त्याला परत बोलावलं. त्या पोराला अख्खा लेख तोंडपाठ होता! शक कसा काढायचा तेही त्याने बोटं मोडत सांगितलं. लेखात वर्ष आकड्यांत नाही, शब्दांत आहे : षट् म्हणजे सहा, नव म्हणजे नऊ, बाण म्हणजे पाच (मदनाचे पाच बाण), भूमी म्हणजे एक. उलटीकडून वाचायचं. १५९६. शके १५९६, म्हणजे इसवी सन १६७४, राज्याभिषेकाचं वर्ष. पुढे गडावरच्या विहिरी, तळी, बागा, रस्ते, हत्तीशाळा, राजवाडे यांचा उल्लेख आहे, आणि हे सगळं हिरोजीने बांधलं, चंद्रसूर्य असेपर्यंत ते नांदो, असा भाव आहे.

तेवढ्याच वेळात त्याने पायरीही दाखवली. सेवेला तत्पर असलेल्या हिरोजीचं नाव तिथे पायाखालच्या दगडात कोरलेलं आहे. आडनाव इंदुलकर की इटळकर, यावर वाचणारे वाद घालतात. म्हणजे ज्याने रायगड उभा केला त्याने कपाळावर मिरवावी अशी सही पायरीवर केली आहे, आणि आमचे दहाजण त्या पायरीवरून रोपवेच्या घाईत निघून गेले होते.

आता सांगा, खोटं कोण? गाईड, की आपण? दुकानात दोन्ही माल होता. गिऱ्हाइकाने छत्रीवाला सेवक उचलला आणि शिलालेख "नको" म्हणून परत केला. दुकानदाराने उद्या काय मांडावं अशी तुमची अपेक्षा आहे?

"परदेशात बघा," असं यावर हमखास ऐकू येतं. तिकडे कसं सगळं शास्त्रशुद्ध! तेही सांगतो, कारण काही वर्षांपूर्वी ऑफिसच्या कामाने इटलीत गेलो होतो तेव्हा पिसाला अशीच तासाभराची गाईडबरोबरची फेरी केली होती. आपल्याला पिसा म्हणजे कलता मनोरा एवढंच माहीत. पण तो मनोरा म्हणजे शेजारच्या कॅथेड्रलचा घंटाघर आहे. एकाच हिरवळीवर १०६३-६४ च्या सुमारास सुरू झालेलं कॅथेड्रल, ११५२ मध्ये सुरू झालेली बाप्तिस्म्याची गोल इमारत, ११७३ मध्ये सुरू झालेला आणि बांधत असतानाच कलू लागलेला मनोरा, आणि एक दफनभूमी. आपल्या देवळाच्या आवारासारखंच.

तर तिथे काय झालं? कॅथेड्रलमध्ये गाईडबाईंनी वर टांगलेला मोठा दिवा दाखवला आणि सांगितलं, हाच झुलताना पाहून तरुण गॅलिलिओला लंबकाचा नियम सुचला. सगळे माना वर करून बघत बसले. गोष्ट सांगतात १५८३ ची, आणि तो दिवा तिथे टांगला १५८७ मध्ये! गोल इमारतीत तिथल्या कर्मचाऱ्याने चार सूर लावले आणि घुमट कितीतरी वेळ ते सूर परत देत राहिला. टाळ्या. आमचा नगारखान्याचा खेळ आणि हा, फरक काय? गाईड तिथेही तेच विकतात, कारण पर्यटक तिथेही तेच विकत घेतात.

पण एक फरक दिसला आणि तो मला टोचला. पिसाच्या कॅथेड्रलचा पहिला वास्तुकार बुस्केतो. त्याची कबर कुठे आहे? कॅथेड्रलच्या दर्शनी भिंतीत, आत शिरताना दिसेल अशी, वर त्याची स्तुती कोरलेली. आमच्या बाईंनी दिव्याच्या आधी बुस्केतोपाशी थांबवलं. गटातल्या कुणीही "पुढे चला" म्हटलं नाही. मनोऱ्यापाशी तर अर्धं बोलणं इंजिनिअरांचंच होतं : १९९० मध्ये मनोरा बंद केला, उत्तरेच्या बाजूची माती खालून थोडी थोडी काढून कल चाळीस-पंचेचाळीस सेंटिमीटरने कमी केला, २००१ मध्ये पुन्हा उघडला. लोक तोंड उघडं टाकून ऐकत होते! बांधणाऱ्याची आणि राखणाऱ्याची गोष्ट रटाळ असते हे कोण म्हणतं?

आणि ही सगळी इमारत सांभाळणारी संस्था मध्ययुगापासून चालत आली आहे. तिला 'ओपेरा' म्हणतात (गाण्याचा ऑपेरा नव्हे, 'काम' या अर्थाने). म्हणजे तिकडे गाईडच्या पाठीशी शतकानुशतकांची व्यवस्था उभी आहे. आमच्या पोराच्या पाठीशी कोण, तर शंभर रुपयांची घासाघीस करणारे आम्ही. असो.

आता माझ्या इतिहासप्रेमी मित्रांकडे वळतो. तुमचं म्हणणं, दंतकथा बंद करा, फक्त पुरावा सांगा. मला हे मान्य नाही. हिरकणी खरोखर कडा उतरली का, हे मी ठरवू शकत नाही. पण पायथ्याच्या वाड्यांतल्या बाया डोक्यावर ओझं घेऊन गड चढत असणार, त्याशिवाय अशी गोष्ट जन्मत नाही. आजही गडावर ताक आणि झुणका-भाकर विकणाऱ्या बाया आहेत. ती गोष्ट काढून टाकलीत तर रायगडाच्या फेरीतून गावची बाईच निघून जाईल. उरतील ते राजे आणि तहनामे. नको.

पण गोष्ट आणि नोंद एकाच आवाजात सांगणं, हेही नको. त्यासाठी पदवी लागत नाही की ॲप लागत नाही. त्यासाठी मराठीत एक शब्द आहे, अडीच अक्षरांचा : 'म्हणे'. आमच्याकडे प्रत्येक कातळाला पांडवांची एक गोष्ट चिकटलेली असते. आजी ती सांगायची तेव्हा म्हणायची, "भीम इथे जेवायला बसला म्हणे." आणि शेताच्या बांधाबद्दल सांगताना मात्र, "हा बांध तुझ्या पणज्याने घातला." तिथे 'म्हणे' नाही! कधी शाळेत न गेलेल्या बाईला ऐकीव आणि माहीत यातला फरक एका क्रियापदात सांगता येत होता. सेवक उडाला म्हणे. घोड्यावरून खरेदी करत म्हणे. हिरोजीने बक्षीस म्हणून पायरीवर नाव मागून घेतलं म्हणे. पण पायरीवर नाव आहे, तिथे 'म्हणे' नाही, वाकून बघा. गाईडने एवढं केलं तरी माझ्या मते त्याने पदवीधराचं काम केलं.

आणि नोंदी कोरड्या असतात असं कोण म्हणालं? राज्याभिषेकाच्या वेळी, १६७४ मध्ये, इंग्रजांचा वकील हेन्री ऑक्झिंडेन रायगडावर हजर होता. सिंहासनाच्या दोन्ही अंगांना भाल्यांच्या टोकांवर मोठ्या दातांची सोन्याची मत्स्यमुखं, घोड्यांच्या शेपट्या आणि न्यायाचं चिन्ह म्हणून सोन्याचा तराजू, हे त्याने डोळ्यांनी पाहून लिहून ठेवलं. दाराशी दोन लहान हत्ती पाहून तर तो चक्रावला, एवढ्या अवघड वाटेने हे वर आणले कसे? त्याच मंडळींची आणखी एक हकिगत जॉन फ्रायर या इंग्रज प्रवाशाच्या पुस्तकात आहे. या इंग्रजांना बकऱ्याचं मटण पुरवणारा म्हातारा खाटीक मुद्दाम गड चढून वर आला. कशासाठी? तर कैक वर्षांत खपलं नाही एवढं मटण थोड्या दिवसांत खाणारी ही माणसं दिसतात तरी कशी, ते बघायला! छत्रीवाल्यापेक्षा हा खाटीक मला हजारपटीने आवडतो. राज्याभिषेकाच्या एवढ्या थोर सोहळ्यात महाडकडच्या खोऱ्यातला एक साधा माणूस धापा टाकत गड चढतो आहे, आणि तो 'म्हणे'मधला नाही, कागदावरचा आहे. ही गोष्ट सांगायला दोन मिनिटं लागतात. लोक हसतील आणि लक्षातही ठेवतील.

वाघ्याचं घ्या. तो पुतळा १९३६ मध्ये, इंदूरच्या होळकरांच्या देणगीतून बसवला गेला. २०१२ मध्ये तो हटवला गेला आणि काही दिवसांत परत बसवला गेला. २०२५ मध्ये पुन्हा वाद झाला. एक बाजू म्हणते काढा, दुसरी म्हणते हात लावाल तर बघा. मला वाटतं, तिथे उभं राहून गाईडने फक्त साल सांगावं. महाराज गेले १६८० मध्ये, पुतळा बसला १९३६ मध्ये. मधली अडीचशे वर्षं ऐकणाऱ्याने स्वतः मोजावीत. आणि मग त्याच जागेवर सांगावं की १८१८ मध्ये इंग्रजांच्या तोफांनी गड पेटला, पुढे समाधीची पार दुर्दशा झाली, जोतीराव फुल्यांनी ती शोधली, टिळकांनी १८९५ मध्ये निधी उभारला. ही राखणाऱ्यांची गोष्ट. कुत्र्यावरून जेवढा आवाज झाला, त्याच्या दशांशही हिरोजीच्या पायरीवरून होत नाही. पायरीला दोन्ही बाजूंना वकील नाही.

"पण तासाभरात हे सगळं कसं बसणार?" बसतं! अकरा ठिकाणांऐवजी पाच करा. राजसदर आणि ऑक्झिंडेन. जळलेल्या वाड्याची जोती. हिरकणी, 'म्हणे'सकट. जगदीश्वराचा लेख आणि पायरी. समाधी. माणूस तासाभरात एक तरी दगड स्वतः वाचायला शिकून खाली उतरला, तर ती फेरी सार्थकी लागली. छोटी फेरी वाईट नाही हो. मुलंबाळं, म्हातारी माणसं, सुट्टीचा एक दिवस, सगळ्यांना कुठे आठवडाभर गडावर राहता येतं? तास पुरतो. पण त्या तासात कशापाशी थांबायचं हे निम्मं गाईड ठरवतो आणि निम्मं आपण.

म्हणून या पोरांना हटवा म्हणणाऱ्यांना माझा ठाम विरोध आहे. बाहेरून नेमलेला पदवीधर लेख बरोबर वाचेल, मान्य. पण पावसात कुठलं टाकं कधी भरतं, कुठल्या वाटेने बाया ताक घेऊन चढतात, वारा कुठून लागला की रोपवे बंद पडणार, हे त्याला पोलादपूर-महाडचा पोरगाच सांगेल. त्या पोराला लेख शिकवणं एका पावसाळ्याचं काम आहे. पदवीधराला हा डोंगर शिकवायला किती पावसाळे लागतील? आणि ॲपबद्दल एवढंच : ॲपला प्रश्न विचारता येत नाही, आणि ॲपला घरी आई-बाप नसतात. गडाच्या गोष्टीवर गडाच्या पायथ्याची चार घरं चालली नाहीत, तर तो जागतिक वारसा नक्की कुणाचा?

आणि काका, आत्या, तुम्हाला शेवटचं. तुम्ही म्हणता दगड दाखवायला शिकायचं काय. तुमचा नातू सध्या संध्याकाळी मोडी गिरवतो आहे, शके-इसवीचं गणित करतो आहे, आणि "इथे 'म्हणे' घालू की नको?" असं मला फोन करून विचारतो आहे. मुंबईत तो बारा तास दुसऱ्याच्या दारावर उभा होता, तेव्हा तुम्ही अभिमानाने "पोरगा मुंबईला असतो" म्हणत होता. आता तो हिरोजीच्या दारात उभा राहणार आहे.

बाकीच्यांना विनंती एवढीच, गडावर जाल तेव्हा गाईड घ्या, ठरलेले पैसे पूर्ण द्या, आणि जगदीश्वराच्या दारात तो थांबला तर तुम्हीही थांबा. तो थांबला नाही, तर तुम्ही त्याला थांबवा आणि लेख वाचायला सांगा. रोपवे दहा मिनिटांनी दुसरा येतो.